वळणावरचे चौसष्ट मीटर

वाहतूक शाखेत तिला सगळे फूटपट्टी म्हणत. तोंडावर फौजदारबाई आणि पाठीमागे फूटपट्टी. एक तर अंगकाठी तशीच, सरळसोट; आणि दुसरं म्हणजे कुठेही अपघात झाला की बाईंचा हात आधी खिशातल्या टेपकडे जायचा. चौदा वर्षं ती ब्रेकच्या खुणा मोजत होती, फुटक्या काचा पाकिटात भरत होती, रस्त्यांचे नकाशे काढत होती. साक्षीदार फिरतो, वकील त्याला फिरवतो, पण रस्त्यावर उमटलेली रबराची रेघ फिरत नाही, असं ती नव्या शिपायांना सांगायची. कोर्टात तिचा नकाशा दाखल झाला की समोरचा वकील निम्मा थंड व्हायचा.

शांतिसेनेच्या मिशनवर तिचं नाव लागलं, ते मात्र या गुणासाठी नव्हे. दूरच्या एका देशात यादवी नुकतीच थांबली होती. तिथे पोलीस पाठवायचे होते, आणि दर दहांत दोन बायका असल्याच पाहिजेत असा नियम आला होता.

"बायका कमी पडतायत," साहेब म्हणाले. "तुम्ही तरी नाही म्हणू नका."

नवरा चष्म्याच्या दुकानात काचा घासून बसवायचं काम करायचा. तो म्हणाला, "जा. वर्षाचाच तर प्रश्न आहे. पोरीचं मी बघतो." सासूबाई मात्र धुतलेल्या कपड्यांच्या घड्या घालता घालता म्हणाल्या, "लढाई झालीय म्हणतेस. मग रस्ते तरी राहिलेत का तिथे, मोजायला?"

रस्ते राहिले होते. ज्या गावात तिची नेमणूक झाली तिथे घरंही राहिली होती. भिंतींतली गोळ्यांची भोकं वेगळ्या रंगाच्या सिमेंटने बुजवलेली, त्यामुळे सगळं गाव देवी येऊन गेल्यासारखं दिसायचं. पाण्याचं पंपघर तेवढं जळलं होतं. म्हणून आठवड्यातून दोनदा टँकर गल्लोगल्ली फिरायचे. टँकर टेकडीवरच्या छावणीतून येत, आणि छावणीतली पलटण तिच्याच देशाची होती. पहिल्याच आठवड्यात ती वर जाऊन आली. फाटकावरच्या जवानाने आपल्या भाषेत "कोण पाहिजे?" विचारलं आणि तिला एकदम भरून आलं. पलटणीच्या मेजरने स्वतः खुर्ची पुढे केली. "ताई, काही लागलं तर संकोच करायचा नाही. परक्या मुलखात आपणच आपली घरची माणसं."

तिचं काम दुहेरी होतं. तिथल्या नव्या पोलिसांना शिकवायचं, आणि पायी गस्त घालून लोकांचा विश्वास मिळवायचा. विश्वास हा शब्द मिशनच्या कचेरीत भिंतीवर टांगलेल्या प्रत्येक तक्त्यावर होता. गल्लीत मात्र तिची टोपी दिसली की दारं ओढून घेतली जात. तिचा दुभाषी म्हणजे गावचा निवृत्त पोस्टमन. साठी उलटलेला, पायांनी काटक, सगळ्या दारांची ओळख असलेला. ती त्याला काका म्हणायची.

"काका, लोक बोलत का नाहीत?"

"बाई, इथे पोलीस घरी आला की त्या घरातलं एक माणूस कमी व्हायचं," पोस्टमन म्हणाला. "तीस वर्षं असंच चाललं. तुम्ही हसून विचारलंत म्हणून लगेच विसरतील होय?"

तिसऱ्या महिन्यात चौकात एका टॅक्सीने सायकलवाल्याला उडवलं. टॅक्सीवाला नगराध्यक्षाचा मेहुणा. नवे पोलीस सायकलवाल्यालाच दम देत उभे होते. फौजदारबाईंनी टेप काढला, गुडघ्यावर बसून खुणा मोजल्या, खडूने रेघा मारल्या, आणि सगळ्यांदेखत पोस्टमनकरवी सांगितलं की चूक टॅक्सीची आहे. मेहुण्याने आवाज चढवला. तिने त्याला टेपचं एक टोक धरायला दिलं आणि म्हणाली, "तुम्ही मोजा. माझ्यापेक्षा कमी भरलं तर मी माफी मागते." त्याने मोजलं. तेवढंच भरलं. जमलेले लोक हसले. त्या गावात पोलिसासमोर लोक हसल्याचं बऱ्याच वर्षांत पाहिलं नव्हतं, असं पोस्टमन नंतर म्हणाला.

त्या दिवसापासून गाडं पुढे सरकलं. कुणी कुंपणाची हद्द मोजून मागायचं, कुणी दाराची चौकट. बेकरीच्या गल्लीत एक सुतार राहायचा. त्याने तिला मोजणीसाठी एक लाकडी चाक करून दिलं, दांड्याचं, एका फेऱ्याला बरोबर एक मीटर. सुतार मितभाषी. त्याची बायको उलट. ती सुईण होती. गावातली निम्मी पोरं तिच्या हातांवर जन्मलेली. फौजदारबाई आल्या की ती चहा टाकायची आणि विचारायची, "आज काय लांब निघालं, काय आखूड?"

सुईण गेली तो शुक्रवार होता. पलीकडच्या वस्तीत बाळंतपण उरकून ती उजाडल्यावर पायी घरी येत होती. गिरणीखालच्या वळणावर तिला गाडीने उडवलं. दूधवाल्याला ती सापडली तेव्हा पावणेआठ झाले होते.

फौजदारबाई पोचल्या तेव्हा दवाखान्याची गाडी तिला घेऊन गेली होती. बाईंचा हात आधी टेपकडे गेला. हे नेहमीच व्हायचं. वळणावरून रस्ता किती दिसतो, ते तिने लाकडी चाक फिरवून पाहिलं: चौसष्ट मीटर. घालून दिलेल्या वेगाने येणारी जड गाडी वीस-पंचवीस मीटरांत थांबते. इथे ब्रेकची खूण सुरू झाली होती ती सुईण जिथे पडली होती त्या जागेच्याही पुढे. म्हणजे धडकेपर्यंत चालकाचं समोर लक्षच नव्हतं. खूण एकतीस मीटर लांब. वेग साठाच्या वर. टायर दुहेरी, मागे चार. दिव्याच्या काचेचे तुकडे. आणि खूण जिथे संपत होती तिथे रस्त्याकडेच्या चिखलात बुटांचे ठसे. कुणीतरी खाली उतरलं होतं. बारा पावलं मागे चालत आलं होतं. थोडा वेळ उभं राहिलं होतं. मग गाडीकडे परत गेलं होतं.

दवाखान्यातली डॉक्टर म्हणाली, "ती तासभर तरी जिवंत असणार. लगेच आणली असती तर कदाचित..." 

अशा टायरांच्या गाड्या त्या गावात एकाच ठिकाणी होत्या. फौजदारबाई टेकडीवर गेल्या तेव्हा एक टँकर धुवून लख्ख उभा होता आणि त्याचा डावा दिवा कोरा करकरीत होता. फाटकावरच्या वहीत नोंद होती: सहा दहाला बाहेर, सहा पंचावन्नला आत. तिने ती उतरवून घेतली, टायर मोजले, बदललेला दिवा टाकला होता त्या ढिगातून फुटकी कड उचलली. वळणावरच्या तुकड्यांशी ती चपखल बसली.

मेजर मध्येच येऊन उभा राहिला. "ताई, आधी चहा घ्या. मग बोलू."

"चहा नको. चालक कोण होता?"

"दोन लेकरांचा बाप आहे. चार महिने घरी गेलेला नाही. ती बाई रस्त्याच्या मधोमध होती, वळण आंधळं. काय करणार बिचारा?"

"वळण आंधळं नाही. चौसष्ट मीटर दिसतं."

मेजर तिच्याकडे बघत राहिला. "तुम्ही आपल्याच माणसाला मोजायला आलात का?"

तिने नकाशा पुरा केला, खाली सही केली.

खरं घोडं अडलं ते जबाबापाशी. सुतार जबाब द्यायला तयार नव्हता. बेकरीवाल्याने भट्टीच्या खिडकीतून टँकर सुसाट जाताना पाहिला होता, पण तोही मूग गिळून बसला. सुताराच्या कारखान्यात फळ्यांच्या वासात तिघं समोरासमोर बसली होती, पोस्टमन मध्ये.

"कागदावर नाव गेलं की माणूस जातो," सुतार म्हणाला. "माझा बाप असाच गेला. आता ती तर गेलीच. मग कागद कशाला?"

"दादा, हे मी स्वतः मोजलंय," फौजदारबाई म्हणाल्या. "हा नकाशा कुणालाही खोडता येणार नाही. पण नकाशाला माणसाचा जबाब लागतो. माझ्यावर विश्वास ठेवा."

पोस्टमनने शेवटचं वाक्य भाषांतरित करण्याआधी तिच्याकडे पाहिलं. मग केलं.

सुताराने बराच वेळ रंध्याच्या पात्यावरची धूळ बोटाने पुसली. "तुम्ही उभ्या राहाल?"

"मी उभी राहीन."

त्याने सही केली. त्याचं पाहून बेकरीवाल्यानेही केली.

मिशनचा पोलीसप्रमुख तिसऱ्याच देशाचा, मोठा सभ्य माणूस. त्याने नकाशा दोनदा पाहिला आणि म्हणाला, "इतकं चोख काम मी या मिशनमध्ये पाहिलेलं नाही. पण शांतिसैनिकावर इथे खटला चालत नाही. करार तसा आहे. त्याची चौकशी त्याचा देश करतो."

"म्हणजे आमचा देश."

"हो. तुमचं तर बरंच आहे. तुम्हाला पाठपुरावा करता येईल."

आणि तिला खरंच बरं वाटलं, हे सांगितलं पाहिजे. परक्यांच्या हातात गेलं असतं तर काळजी होती. आपल्याकडची कोर्टं तिने चौदा वर्षं पाहिली होती. निघायच्या दिवशी ती सुताराला सांगून आली, "आता हे माझ्या गावी चालेल. तिथे माझा शब्द चालतो."

घरी आल्यावर महिने गेले. मुलगी उंच झाली होती, सासूबाईंचा डावा डोळा अधू झाला होता. चौकशीचं बोलावणं सातव्या महिन्यात आलं. गुरुवार, अकरा वाजता, लष्कराच्या कचेरीत, पहिला मजला. ती इस्त्रीच्या गणवेशात साडेदहालाच जाऊन बाकावर बसली. आत तीन अधिकारी होते. बाजूच्या खुर्चीत मेजर.

"मोजणीची परवानगी कुणी दिली?"

"माझं कामच ते होतं, सर."

"चाक कुठलं वापरलंत?"

"लाकडी. तिथल्या सुताराने करून दिलेलं. टेपने पडताळून घेतलं होतं."

"सुतार म्हणजे मयताचा नवराच ना?"

तिघांपैकी एकाने मान खाली घालून काहीतरी लिहिलं.  सुताराने साधं, प्रेमाने केलेलं चाक होतं ते.

"जबाब तुम्ही घेतलात. त्यांची भाषा तुम्हाला येते?"

"नाही सर. दुभाषी होते."

"म्हणजे ते काय म्हणाले हे तुम्ही सांगू शकत नाही. दुभाषी काय म्हणाला एवढंच सांगू शकता."

"सर, जबाब राहू द्या. नकाशा बघा. नकाशाला भाषा नसते."

अधिकाऱ्याने फाइल तिच्याकडे वळवली. त्यात नकाशा होता, पण तिचा नव्हता. टंकलेला, नीटनेटका, पलटणीच्या शिक्क्याचा. वळणावरून दिसणारं अंतर: बावीस मीटर. बुटांचे ठसे नव्हतेच.

"हा माझा नाही. माझा कुठे आहे?"

"मिशनकडून एवढीच कागदपत्रं आली."

तिने बॅग उघडली. कार्बनची प्रत तिने जपून ठेवली होती. टेबलावर ठेवली. तिला वाटलं, झालं, आता बोला. तिन्ही अधिकाऱ्यांनी त्या कागदाला हातसुद्धा लावला नाही.

"मिशनचे गोपनीय कागद तुम्ही घरी घेऊन आलात?" मधला अधिकारी शांतपणे म्हणाला.

तिला तासाभरात मोकळं करण्यात आलं. जिन्यात मेजर मागून आला. "ताई, मनावर घेऊ नका. माझ्या मनात तुमच्याबद्दल काही नाही."

आठ दिवसांनी खात्याची नोटीस आली. गोपनीय दस्तऐवज विनापरवाना बाळगल्याबद्दल शिस्तभंगाची कारवाई का करू नये, याचा खुलासा करावा. साहेबांनी तिला खोलीत बोलावलं. दार स्वतः लोटून घेतलं.

"बाई, तुमचं निरीक्षकपदाचं नाव यादीत आहे. प्रत जमा करा, दोन ओळींची दिलगिरी लिहा, मी प्रकरण मिटवतो. नाहीतर निलंबन, मग विभागीय चौकशी. पाच-सहा वर्षं कुठे गेली कळणार नाही."

"आणि नकाशा?"

"नकाशाने ती बाई परत येणारे का?"

घरी नवऱ्याने नोटीस दोनदा वाचली आणि चष्मा काढून ठेवला. "मी तुला अमुक कर असं सांगणार नाही," तो म्हणाला. "पण तुझी नोकरी गेली तर माझ्या एकट्याच्यानं हे घर ओढवायचं नाही, एवढं तुला माहीत असू दे." तो चुकीचं काही बोलत नव्हता. म्हणूनच ती जास्त चिडली.

तीन दिवस तिने प्रत बॅगेत बाळगली. चौथ्या दिवशी आवक-जावक विभागात गेली. तिथल्या कारकुनाने कागदावर शिक्का मारला, पोच दिली आणि सवयीने विचारलं, "अजून काही?" दिलगिरीच्या दोन ओळी तिने आपल्या सुवाच्य अक्षरात लिहिल्या होत्या. चौकशीचा निष्कर्ष पुढच्या महिन्यात आला. अपघात अटळ होता, चालक निर्दोष.

पोस्टमनचं पत्र त्यानंतर आठवड्याने आलं. लिफाफ्यावरचं अक्षर टपालवाल्याचं, एकही ओळ वाकडी नाही.

त्याने लिहिलं होतं की गावात सगळे बरे आहेत. बेकरीच्या गल्लीत मात्र चार महिन्यांपासून टँकर येत नाही. गल्ली अरुंद आहे, अपघाताचा धोका आहे, असं छावणीतून कळवलंय. लोकांना पाणी नदीवरून आणावं लागतं. बेकरी दोन दिवसांआड चालते. छावणीतला माणूस एक कागद घेऊन येतो. चौकशी मान्य आहे, आपली काही हरकत नाही, एवढंच त्यात लिहिलंय. सुताराने सही केली की रस्त्याचा पुन्हा विचार करू, असं म्हणतो. गल्लीतले लोक आधी सुताराला समजावत होते, आता बोलत नाहीत. परवा कुणीतरी त्याच्या कारखान्याची काच फोडली. बेकरीवाला म्हणतो, तुझ्या नादाने मी सही केली. पण सुतार ऐकत नाही. तो सगळ्यांना सांगतो, थांबा, बाई तिथे उभी आहे. तुमच्या कोर्टात काय झालं ते कळवावं, असं त्याने विचारलंय.

तिने पत्र चौकीतल्या टेबलावर वाचलं, घडी केली, परत उघडून वाचलं. मग रजेचा अर्ज टाकला आणि घरी गेली. सासूबाई एकट्याच होत्या. त्यांनी विचारलं, "बरं नाही का?"

"बरी आहे."

"मग तोंड असं का?"

"आई, मी एका माणसाला शब्द दिला होता."

सासूबाईंनी अधू डोळा चोळला. "मग पाळ की."

"तो पाळायचा कागद मीच जमा करून आले."

 म्हातारीने उठून पाणी आणून दिलं.

उत्तर लिहायला तिला पाच दिवस लागले. पहिल्या मसुद्यात तिने सगळं लिहिलं होतं: टंकलेला नकाशा, बावीस मीटर, नोटीस, दिलगिरी. ते फाडलं. एवढं सगळं कळून त्याने करायचं काय? दुसऱ्यात लिहिलं की अजून प्रयत्न चालू आहेत. हे लिहिताना मात्र तिला स्वतःची किळस आली. ती थाप खरी मानून तो माणूस आणखी वर्षभर गल्लीचे शिव्याशाप झेलत बसला असता. शेवटी तिने अर्धं पान लिहिलं. काका, दादांना सांगा, निकाल विरुद्ध गेला. मी उभी राहिले होते, मग बसले. त्यांनी त्या कागदावर सही करावी. माझ्या शब्दावर आता थांबू नये.

इतक्या वर्षांत तिने कुणाला खोटं कबूल करायला सांगितलं नव्हतं. हे पत्र तिने स्वतः पेटीत टाकलं.

पोस्टमनचं उत्तर दीड महिन्याने आलं. अगदी छोटं. तुमचं पत्र मी वाचून दाखवलं. सुताराने ते पुन्हा वाचायला सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी तो टेकडीवर जाऊन सही करून आला. गल्ली अरुंदच आहे, पण टँकर आता येतो, मंगळवारी आणि शुक्रवारी. लोक त्याच्याशी बोलायला लागलेत, तोच कुणाशी बोलत नाही. त्याचं पाणी तो अजून नदीवरूनच आणतो. तुमच्यासाठी त्याचा काही निरोप नाही. मी मुद्दाम विचारलं होतं.

बढतीचा हुकूम त्याच हिवाळ्यात निघाला. नवीन तुकडी मिशनवर जायची होती. प्रशिक्षण केंद्रातून फोन आला की प्रत्यक्ष अनुभव असलेल्या महिला अधिकारी फार थोड्या आहेत, तुम्ही एक तास घ्या. विषय ठरलेला होता: स्थानिक जनतेचा विश्वास. तिने होकार दिला. निरीक्षक झालेल्या माणसाला नाही म्हणता येत नाही असं नाही, पण नाही म्हणण्याचा हक्क आपण गमावलाय असं तिला वाटत होतं.

वर्गात चाळीस जण होते, पुढच्या रांगेत आठ मुली. तिने पायी गस्तीबद्दल सांगितलं, दुभाष्याशी कसं वागावं ते सांगितलं, टॅक्सीवाल्याची गोष्ट सांगितली. वर्ग हसला. शेवटी एका मुलीने हात वर केला.

"मॅडम, लोक जबाब द्यायला घाबरले तर त्यांना काय सांगायचं?"

"जेवढं तुमच्या हातात आहे तेवढंच सांगायचं."

"आणि आपल्या हातात किती असतं?"

मुलगी वहीवर पेन टेकवून वाट बघत होती. फौजदारबाईंनी भिंतीवरच्या वेळापत्रकाकडे पाहिलं.

"पुढच्या तासाला विधी अधिकारी येतायत," ती म्हणाली. "ते सांगतील." आणि टेबलावरचे कागद गोळा करून ती वर्गाबाहेर पडली.